आठ फ्रेमचा तुकडा

चि. मनूस,
अनेक आशीर्वाद.

काल फोनवर तू म्हणालीस, "बाबा, सहायक एडिटर होऊन वर्ष झालं, अजून मी दुसऱ्यांचं फुटेजच लावून देतेय." आवाज उतरला होता तुझा. तेव्हा मला नीट बोलता आलं नाही, म्हणून लिहितोय.

लंडनमध्ये आहेस, तर एकदा ईलिंगला जाऊन ये. तिथला जुना स्टुडिओ १९५५ साली बीबीसीने घेतला आणि पुढे कित्येक वर्षं त्यांचं फिल्मचं काम तिथे चाललं. मी तुझ्या वयाचा असताना बीबीसीतल्या ज्या एडिटरचं काम डोळ्यांत साठवायचो, ते तारिक अन्वर. जन्म १९४५ चा, दिल्लीचा. वडील रफीक अन्वर, 'नीचा नगर' या हिंदी चित्रपटाचे नायक. मुलगा मात्र वाढला इंग्लंडमध्ये आणि तब्बल १८ वर्षं बीबीसीत एडिटिंग करत राहिला. १९८० च्या 'ओपनहायमर' आणि 'कॉट ऑन अ ट्रेन' या बीबीसीच्या कार्यक्रमांसाठी त्यांना बाफ्टा हा ब्रिटिश पुरस्कार मिळाला. 'अमेरिकन ब्यूटी'मुळे ऑस्करच्या नामांकनात नाव आलं, तेव्हा त्यांची पन्नाशी उलटली होती. त्या चित्रपटाच्या सुरुवातीला आणि शेवटी खटल्याचे प्रसंग होते, शूटिंग झालेले. एडिटिंगमध्ये ते सगळे काढले. इतकं काढायला केवढी छाती लागते!

त्यांनीच एडिट केलेल्या 'द किंग्ज स्पीच'मधला वेंब्ली स्टेडियमचा प्रसंग पुन्हा बघ. १९२५ साल. राजपुत्र मायक्रोफोनसमोर उभा, शब्द फुटत नाही. अडखळलेला आवाज स्टेडियमभर घुमून परत येतो. आता कट कुठे जातो ते बघ: ऐकणाऱ्यांच्या चेहऱ्यांवर, बायकोच्या भरलेल्या डोळ्यांवर. ते चेहरे किती वेळ ठेवायचे हे पटकथेत लिहिलेलं नसतं. जरा आखडलं असतं तर त्याची ती शरम आपल्यापर्यंत पोचलीच नसती.

मी सहायक असताना १६ मिलिमीटरच्या फिल्मवर काम चालायचं. सेकंदाला २५ फ्रेम, म्हणजे २५ चित्रं. कापलेले तुकडे कापडी पिशवीच्या बिनमध्ये टाचण्यांना टांगायचे. एकदा आमचे एडिटर म्हणाले, "त्या बाईच्या वाक्यानंतरचे आठ फ्रेम परत लाव." आठ फ्रेम म्हणजे सेकंदाचा तिसरा हिस्साही नाही. तुकडा माझ्याकडूनच हरवला होता. रात्रभर शोधला. पहाटे पिशवीच्या शिवणीत अडकलेला सापडला. चिकटवला, स्टीनबेकवर, म्हणजे एडिटिंगच्या टेबलावर, चालवून पाहिला. बाई बोलून थांबते आणि फक्त श्वास घेते, एवढंच होतं त्यात. पण तो श्वास गेला होता म्हणून ती बाई खोटी वाटत होती, हे मला त्या पहाटे दिसलं.

आज तू जे फुटेज लावून देतेस, ते पहिल्या फ्रेमपासून शेवटच्या फ्रेमपर्यंत बघतेस ना? एडिटरला हवा तो श्वास कुठल्या टेकमध्ये आहे हे तुला ठाऊक असलं, की तो तुलाच हाक मारेल.

माझा स्प्लायसर, फिल्म कापून जोडायचं ते यंत्र, आईने पुसून कपाटात ठेवलाय. डिसेंबरमध्ये आलीस की घेऊन जा.

तुझा,
बाबा