प्रकाशाला स्वर देणारे चित्र अपूर्ण कसे?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

शहरात नुकत्याच झालेल्या एका शालेय चित्रकला स्पर्धेत ‘काल्पनिक जगातील कलाकृती’ असा विषय देण्यात आला होता. तो वाचून मला मनापासून आनंद झाला होता, कारण तीसहून अधिक वर्षे चित्रकला शिकवताना स्मरणचित्र आणि संकल्पचित्र यांच्या चौकटीबाहेरचा विषय मुलांच्या वाट्याला क्वचितच येतो, हे मी पाहत आलो आहे. आमच्या गल्लीतील आठवीतल्या एका मुलीची कलाकृती मात्र ‘चित्र अपूर्ण, ध्वनी ग्राह्य नाही’ असा शेरा मारून परत करण्यात आली. बक्षीस कोणाला द्यावे हा परीक्षकांचा अधिकार मला मान्य आहे. पण निकाल देण्यापूर्वी कलाकृती पूर्ण पाहावी आणि, तिच्यात स्वर असतील तर, ऐकावी, एवढी अपेक्षा रास्त आहे.

या मुलीने कल्पिलेल्या देशात प्रकाश आणि आवाज एकाच चालीने चालतात. आपल्याकडे प्रकाश सेकंदाला सुमारे 3 लाख किलोमीटर जातो आणि हवेतून आवाज जेमतेम 340 मीटर, म्हणून वीज आधी दिसते आणि गडगडाट मागून येतो. तिच्या देशात दोन्ही एकदमच येऊन पोहोचतात, आणि त्यामुळे तेथील माणसांच्या भाषेत पाहणे व ऐकणे यांसाठी एकच क्रियापद आहे. त्या देशात एक मंडप आहे. त्याच्या छताला मधोमध गोल मोकळीक असून, तिच्यातून उतरलेले ऊन दिवसभरात ज्या ज्या खांबावर सरकते, तो खांब आपला स्वर देतो. सकाळी सुरू झालेली चीज, म्हणजे बंदिश, सूर्यास्ताला संपते, मध्येच ढग आला की तेवढ्या मात्रा रिकाम्या जातात, आणि सूर्याची वाट रोज थोडी सरकत असल्याने कालची चीज आज जशीच्या तशी ऐकू येत नाही. ही मुलगी सहलीला खिद्रापूरला जाऊन आली आहे, हे तेथील कोपेश्वर मंदिराचा, छताला अशीच गोल मोकळीक असलेला 48 खांबांचा स्वर्गमंडप पाहिलेल्या कोणाच्याही ध्यानात येईल. खांबही तिने मोजून 48च काढले आहेत.

‘काढले’ हा शब्दही खरे तर चुकीचा आहे. काळ्या कार्डशीटवर कर्कटकाच्या टोकाने भोके पाडून तिने खांब टिंबाटिंबांनी उभे केले आहेत. उजेडात धरला तर तो कागद नुसता काळा दिसतो, आणि अपूर्ण वाटला असेल तो त्यामुळेच. अंधाऱ्या खोलीत त्याच्यामागून टॉर्च हळूहळू सरकवत नेली की एकेक खांब उजळतो आणि मोबाइलवरील ध्वनिमुद्रणातला त्याचा स्वर त्याच वेळी वाजतो. हे स्वर तिने स्टीलच्या वाट्यांत कमीजास्त पाणी भरून, त्यांच्या कडेवर चमचा वाजवून मिळवले आहेत. एका खांबाच्या जागी एकही भोक नाही. मी कारण विचारले तेव्हा ती म्हणाली, “आजोबा, त्यो खांब फुटलाय. तिथं ऊन आलं की सगळी गप्प बसत्यात.” ध्वनिमुद्रणात त्या जागी शांतता आहे, घड्याळ लावून पाहिले, ती बरोबर चार सेकंदांची आहे.

स्वर आणि रंग यांची जोड हा पोरखेळ आहे, असे कोणी समजू नये. तेराव्या शतकात देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाला असलेल्या शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकर’ ग्रंथात सातही स्वरांना रंग दिले आहेत. त्यात षड्ज कमळासारखा, गांधार सोन्यासारखा, मध्यम कुंदाच्या फुलासारखा आणि पंचम काळा आहे. रशियन संगीतकार स्क्रियाबिन याने 1910 मध्ये पूर्ण केलेल्या एका रचनेत वाद्यांच्या ओळींबरोबर प्रकाशासाठीही स्वतंत्र ओळ लिहिली होती. 1911 मध्ये मॉस्कोत झालेल्या पहिल्या प्रयोगात ती प्रकाशाविनाच वाजली आणि 1915 मध्ये न्यूयॉर्कला तिला रंगीत प्रकाशाची साथ मिळाली. मधली चार वर्षे ती ओळ कागदावरच होती, म्हणून रचना अपूर्ण ठरली नाही.

आणि हे कोल्हापुरात सांगावे लागावे, याचे मला अधिक वाईट वाटते. 31 जानेवारी ते 2 फेब्रुवारी आणि 9 ते 11 नोव्हेंबर या दिवसांत मावळतीची किरणे महाद्वारातून आत येतात, गरुड मंडप ओलांडतात, पितळी उंबऱ्यावरून पुढे सरकतात आणि अंबाबाईच्या चरणांपासून मुखाकडे चढू लागतात, तेव्हा आपण सारे श्वास रोखून उभे असतो. वाटेत ढग किंवा धूलिकण आडवे आले आणि किरणे मध्येच लुप्त झाली, तर साऱ्या गावाला हळहळ वाटते. उजेडाची वाट पाहणे, तो कुठवर पोहोचला हे पायरी-पायरीने मोजणे, ही ज्या गावाची सवय आहे, त्या गावातील परीक्षकांना एक टॉर्च लावून पाहण्याइतकी सवड मिळू नये?

पुढील स्पर्धेच्या माहितीपत्रकात ‘कलाकृतीबरोबर ध्वनी, प्रकाश किंवा लेखी वर्णन जोडता येईल’ एवढे एक वाक्य आयोजकांनी घालावे, अशी माझी विनंती आहे. मुलीची आणि तिच्या आईवडिलांची परवानगी मी घेतली असून, तो कागद व ध्वनिमुद्रण घेऊन आपल्या कार्यालयात येण्यास मी तयार आहे. खोलीत अंधार करावा लागेल, आणि सुमारे सहा मिनिटे कोणी बोलू नये.

आपला विश्वासू,
एक निवृत्त चित्रकला शिक्षक,
शिवाजी पेठ, कोल्हापूर