पाटी बदलली की नट तिथलाच

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतील मूकपटांवरच्या लेखात व्हिक्टर वार्कोनीची 'हॉलिवूडचा नट, बोलपटांनी त्याला संपवलं' अशी एका ओळीत बोळवण झाली आहे. हॉलिवूडचे दिग्दर्शक सेसिल डी'मिल यांच्या 'ट्रायम्फ'मध्ये (१९२४) तो दिसला तेव्हा त्याची कारकीर्द दहा वर्षांहून जुनी होती. हंगेरीत तो वार्कोनी मिहाय. तिकडे आडनाव आधी लिहितात, त्यामुळे जुन्या याद्यांत तो 'मिहाय'खाली शोधला तर सापडत नाही.

जन्म किशवार्दाचा, १८९१. कोलोझवारला (आताचं रुमानियातलं क्लुज) निर्माता यानोविच येनोच्या 'शार्गा चिको'त (१९१३) तो झळकला. पुढच्याच वर्षी 'आ तोलोन्त्स'. त्याचा दिग्दर्शक केर्तेस मिहाय, म्हणजे पुढे 'कॅसाब्लांका' करणारा मायकेल कर्टिझ. १९२२ मध्ये याच केर्तेसच्या 'सोडोम उंड गोमोरा'साठी वार्कोनी व्हिएन्नात होता.

हंगेरियन, जर्मन, इंग्रजी अशा तीन भाषांच्या पडद्यांवर एकच नट चालला, कारण संवाद पाट्यांवर, म्हणजे दृश्यांच्या मधे दिसणाऱ्या लिखित मजकुरावर असत आणि पाटी कापून दुसरी जोडता येई. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम. सेकंदाला १६ फ्रेमच्या गतीने पाच सेकंदांच्या पाटीला ८० फ्रेम, म्हणजे पाच फूट फिल्म. परदेशी पाठवायच्या निगेटिव्हमध्ये एवढी फिल्म घालवण्याऐवजी पाटीच्या जागी बऱ्याचदा खुणेपुरत्या दोन-चार फ्रेम ठेवत. तिकडची लॅब आपल्या भाषेतली पूर्ण पाटी करून घेई. अशी प्रिंट आज तशीच चालवली की पाटी पापणी लवायच्या आत निघून जाते आणि प्रेक्षकाला कथाच तुटक वाटते. ती फ्रेम थांबवून लांबवावी लागते. फिल्म सोसायट्यांनी गतीही पाहावी. १६ च्या गतीचं हजार फुटांचं रीळ पावणेसतरा मिनिटं चालतं. बोलपटांच्या २४ च्या गतीवर लावलं तर अकरा मिनिटांत संपतं आणि गंभीर नटही टुणटुण उड्या मारतो. हसू येतं ते प्रोजेक्टरमुळे, अभिनयामुळे नव्हे.

पाट्यांचा खरा फायदा 'शिकागो'त (१९२७) दिसतो. त्यात वार्कोनी एमॉस हार्ट, म्हणजे शिकागोतला साधासुधा नवरा. हंगेरियन हेल असलेल्या नटाला ही भूमिका बोलपटात कोण देणार? त्याच वर्षी 'किंग ऑफ किंग्ज'मध्ये तो येशूला क्रुसाची शिक्षा देणारा रोमन अधिकारी पिलात होता. 'द डिव्हाइन लेडी'तल्या (१९२९) ब्रिटिश नौदल सेनापती नेल्सनच्या भूमिकेलाही हेल आडवा आला नाही. त्या चित्रपटाला ध्वनिपट्टी होती, पण संवाद नव्हते. बोलपटांत मात्र त्याच्या वाट्याला बहुतेक परदेशी माणसं आणि दुय्यम भूमिका आल्या. १९४९ च्या 'सॅमसन अँड डेलायला'मध्ये, पुन्हा डी'मिलकडेच, तो अश्दोदचा सरदार आहे.

तेव्हा बोलपटांनी त्याला 'संपवलं' हे लेखातलं विधान दुरुस्त व्हावं. पुढच्या वेळी छायाचित्राखाली त्याची दोन्ही नावंही छापावीत.

आपला,
एक वाचक