मूकपटांचे कागद लॅमिनेट करू नका

मूकपटांतील अभिनेत्री दुर्गाबाई कामत यांच्यावरील रविवारच्या पुरवणीतला लेख वाचला. दादासाहेब फाळके यांच्या १९१३च्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये त्या पार्वती आणि मुलगी कमलाबाई मोहिनी झाल्या, हे आवर्जून सांगितले ते बरे झाले. मात्र घरातली जुनी छायाचित्रे, हस्तपत्रके लॅमिनेट करण्याचा त्या लेखातला सल्ला घातक आहे. उष्णतेने चिकटवलेले प्लास्टिक पुन्हा सुटत नाही, आणि कोकणातल्या हवेत सर्दावलेला कागद आत कोंडला की बुरशी धरते. मूकपट ज्यांवर चित्रित होत, त्या ज्वलनशील नायट्रेटच्या बहुतेक फिती कुजल्या किंवा जळाल्या. या अभिनेत्रींचा पुरावा आता बव्हंशी कागदावरच आहे. तो आम्लमुक्त (अ‍ॅसिड-फ्री) कागदाच्या पाकिटात, ओल्या भिंतीपासून दूर ठेवावा. टाचणी, चिकटपट्टी नको. पावसाळा सरल्यावर सावलीतच वारा द्यावा. उन्हाने शाई उडते.

— एक वाचक, रत्नागिरी