आप्पांना पुन्हा सिनेमाला बसवणाऱ्या ताईंना

ताई, सप्रेम नमस्कार.

समोर आभार मानले की तुम्ही ‘त्यात काय एवढं’ म्हणून विषय बदलता. म्हणून हे सगळ्यांदेखत लिहितेय.

ऐकू येणं कमी झालं तसा आप्पांचा सिनेमा सुटला. मशीन लावलं की संवाद आणि पार्श्वसंगीताचा एकच गलका कानात शिरतो, असं ते म्हणायचे. आम्ही शेजारी बसून ओरडून सांगायचो, ते चिडायचे आणि उठून आत जायचे. तुम्ही एवढंच विचारलंत, ‘त्यांना मूकपट का नाही दाखवत?’ घरात इतकी माणसं, पण हे कुणाला सुचलं नव्हतं.

आणि निवडलात तो दिग्दर्शक हिचकॉकचा ‘ब्लॅकमेल’! १९२९ चा, चार्ल्स बेनेटच्या नाटकावरून केलेला. नाटकावरचा सिनेमा म्हणजे नुसती बडबड असणार, आणि ती मुकी झाल्यावर उरणार काय, अशी मला धास्ती होती. हा सिनेमा बोलपट म्हणून गाजला, पण इंग्लंडातल्या कितीतरी थिएटरांत तेव्हा आवाजाची यंत्रणाच नव्हती, म्हणून मूक आवृत्तीही निघाली, हे तुमच्याकडूनच कळलं.

तुम्ही पडद्यावरच्या इंग्रजी पाट्या मराठीत, ठळक अक्षरात उतरवून आदल्या दिवशी घरी पाठवल्यात. काही ओळींवर काट मारून बाजूला लिहिलं होतंत, ‘हे वाचू नका, चेहऱ्यावर दिसेल.’ आप्पांनी ते कागद पाठ केल्यासारखे वाचले.

चित्रकाराच्या खोलीतल्या पडद्यामागची ती झटापट आठवते ना? तो नायिकेवर, अ‍ॅलिसवर, जबरदस्ती करतोय, आपल्याला दिसतोय फक्त हलणारा पडदा. तिचा हात बाहेर येतो, चाचपडतो, पावाजवळची सुरी सापडते. मग पडदा थांबतो आणि चित्रकाराचा हात निर्जीव होऊन बाहेर लोंबतो. आप्पांनी माझं मनगट धरलं होतं, ते बराच वेळ सोडलं नाही. पुढे ती रात्रभर लंडनच्या रस्त्यांवर भटकते, जाहिरातीच्या दिव्यांतलं कॉकटेलचं भांडंसुद्धा तिला भोसकणारी सुरी वाटायला लागतं. इथे आप्पा मला समजावून सांगत होते. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच उलटं झालं.

ब्रिटिश म्युझियममधला पाठलागही त्यांना आवडला, पण खरं सांगू का, मला तो जरा लांबला असंच वाटलं.

परतताना तुम्ही सांगितलेला किस्सा त्यांनी आता अख्ख्या सोसायटीला ऐकवलाय. अ‍ॅलिसचं काम करणारी अ‍ॅनी ऑन्ड्रा चेक वळणाचं इंग्रजी बोलायची, म्हणून बोलपटात जोन बॅरी कॅमेऱ्याबाहेर उभी राहून संवाद म्हणायची आणि ऑन्ड्रा नुसते ओठ हलवायची. ‘म्हणजे अस्सल ऑन्ड्रा मी बघितली, तुम्ही बोलपटवाल्यांनी अर्धीच,’ असं ते ऐटीत सांगतात. यावर काय बोलणार?

ताई, तुमची ती कागदांची थप्पी मी फाईलला लावून ठेवलीय. हे वाचणाऱ्या बाकीच्यांनाही विनंती, कुणाकडे ऐकू न येणारी माणसं असतील तर ही थप्पी माझ्याकडून मागून घ्या.

एक तक्रार मात्र आहे. हिचकॉकला शेवटी अ‍ॅलिसला अटक झालेली दाखवायची होती, निर्मात्यांनी ते होऊ दिलं नाही, हे सांगून तुम्ही निघून गेलात. आप्पांचं म्हणणं, हिचकॉकचंच बरोबर होतं. माझं म्हणणं, अब्रूवर बेतलेल्या पोरीला कसली अटक? रोज जेवताना हेच चाललंय, मी वहीत लिहायचं आणि त्यांनी मोठ्यांदा उत्तर द्यायचं. रविवारी घरी या आणि निकाल द्या. चहाला नको, जेवायलाच या.

तुमची,
आप्पांची धाकटी