सैतानाला एवढा भाव कशाला?

संपादक साहेब, नमस्कार.

रविवारच्या पुरवणीतला सैतानावरचा लेख वाचला, लिहिलाय मस्त पण एक गोष्ट खटकली म्हणून लिहितोय. लेखकाने त्याला सरळ देवाच्या तोडीचा शत्रू करून टाकलंय, दोघांची बरोबरीची कुस्ती चालू असल्यासारखं. हॉरर पिक्चरमध्ये हे ठीक आहे हो, पण जुन्या कथांमध्ये तो एवढा मोठा नाहीच. बायबलमधलं ईयोब नावाच्या भल्या माणसाचं पुस्तक काढून बघा, तिथे सैतान देवाच्या दरबारात हजर होतो आणि ईयोबाला छळायची चक्क परवानगी मागतो, तीही अटींवर मिळते, आधी मालमत्तेला हात लाव पण त्याच्या अंगाला नाही, मग अंगाला लाव पण जीव घ्यायचा नाही. दुसऱ्या अध्यायानंतर तर साहेब गायबच! पुढच्या ४० अध्यायांत ईयोबाची तक्रार आहे ती थेट देवाकडे.

कुराणातला इब्लिस, म्हणजे सैतानच, तोही माणसांना बहकवायला कयामतपर्यंतची मुदत देवाकडूनच मागून घेतो, आणि सूरह इब्राहिममध्ये शेवटच्या दिवशी सैतान लोकांना जे म्हणतो त्याचा अर्थ असा की मी फक्त हाक मारली, आलात तुम्ही, आता मला कशाला बोल लावता, स्वतःला लावा. खरं सांगू, शिंगं आणि शेपटीपेक्षा मला याचीच जास्त भीती वाटते. बरोबरीचा म्हणायचाच तर झरतुष्ट्राच्या म्हणजे पारशी धर्मातला दुष्टशक्ती अहिर्मन जरा जवळ जातो, पण तोही शेवटी हरणार हे ठरलेलंच.

आणि युरोपातल्या लोककथांमध्ये तर बिचाऱ्याचं पार हसं करून ठेवलंय, त्याची लेखात एक ओळ नाही! स्वित्झर्लंडच्या शॉलेनेन दरीतली गोष्ट घ्या, सैतान पूल बांधून देतो, बदल्यात पहिला जो पलीकडे येईल त्याचा आत्मा. पूल तयार झाल्यावर गाववाले काय करतात, बोकड सोडतात पुढे. हा भडकतो, पूल फोडायला भला मोठा दगड उचलून आणतो तर वाटेत एक म्हातारी त्या दगडावर क्रॉस काढून ठेवते, मग तो त्याला हलवताच येत नाही. तो सुमारे २२० टनांचा दगड अजून दाखवतात तिथे, १९७७ मध्ये हायवेच्या आड येत होता म्हणून १२७ मीटर सरकवला, सैतानाला जमलं नाही ते इंजिनिअर लोकांनी केलं. पण गंमत बघा, या गोष्टीत ठरलेलं काम पूर्ण करणारा सैतान आणि गंडवणारी माणसं, आणि ऐकणारे सगळे माणसांच्याच बाजूने.

लेखाचा पुढचा भाग येणार असेल तर या गोष्टींना थोडी जागा द्या. आणि चित्र तेवढं बदला प्लीज, तोच लाल शिंगवाला किती वेळा. इटलीत राव्हेन्नाला सहाव्या शतकातलं एक मोझेक आहे, त्यात मेंढरं आणि बोकडं वेगळी करणाऱ्या येशूच्या शेजारी, बोकडांच्या बाजूला उभा असलेला निळा देवदूत म्हणजे सैतानच असं काही अभ्यासक मानतात, चांगला देखणा आहे, तो छापा.

आपला एक नियमित वाचक