दिमित्रिस हे नाव मूळचे रशियन नव्हे, ग्रीक आहे

मा. संपादक,

स.न.वि.वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीतील नावांच्या अर्थांविषयीचे सदर मी आवडीने वाचतो. गेल्या रविवारी त्यात ‘दिमित्री’ या नावापुढे ‘रशियन नाव, अर्थ भूमिपुत्र’ एवढीच नोंद होती. तिची दोन्ही अंगे चुकीची आहेत. नाव रशियन नाही, ग्रीक आहे (प्राचीन रूप देमेत्रिओस, आजचे दिमित्रिस), आणि त्यात पुत्रही नाही व भूमीही नाही. मर्चंट नेव्हीतल्या नोकरीची बरीच वर्षे मी ग्रीक मालकीच्या मालवाहू जहाजांवर इंजिनिअर म्हणून काढली आणि या नावाच्या माणसांबरोबर इंजिन रूममध्ये पाळ्या केल्या, त्यामुळे ही नोंद वाचून गप्प बसवले नाही.

आधी अर्थाचे पाहू. देमेतेर ही प्राचीन ग्रीकांची धान्याची देवी. तिच्या नावाला ‘-इओस’ हा संबंध दाखवणारा प्रत्यय लागून ‘देमेत्रिओस’ हे विशेषण झाले. शिवाचा तो शैव आणि विष्णूचा तो वैष्णव म्हणताना आपण जे करतो, तेच ग्रीकांनी येथे केले. म्हणजे देमेत्रिओस हा ‘देमेतेरचा’, त्या देवीला वाहिलेला. अपोलोवरून अपोलोनिओस आणि दिओनिसोसवरून दिओनिसिओस ही नावे याच रीतीने घडली आहेत. देवीच्या नावातला ‘मेतेर’ हा भाग म्हणजे आई. संस्कृतातल्या ‘मातृ’ शब्दाचा तो सख्खा भाऊ आहे. घोळ झाला आहे तो पहिल्या भागामुळे. त्याचा अर्थ ‘पृथ्वी’ असावा असे काही प्राचीन ग्रीकांनाच वाटत होते, आणि ‘पृथ्वीमाता’, मग ‘पृथ्वीभक्त’, मग ‘भूमिपुत्र’ अशा पायऱ्या उतरत ही व्युत्पत्ती नावांच्या पुस्तकांत शिरली. पण ग्रीकमध्ये पृथ्वीला ‘गे’ म्हणतात, आणि ‘गे’चा ‘दे’ होण्याला त्या भाषेतल्या ध्वनिबदलांचा भक्कम आधार नाही, म्हणून आजचे भाषाशास्त्रज्ञ ती व्युत्पत्ती सहसा मान्य करत नाहीत. मातीशी उघड नाते सांगणारे ग्रीक नाव वेगळेच आहे. ‘गे’ म्हणजे जमीन आणि ‘एर्गोन’ म्हणजे काम मिळून ‘गेओर्गोस’, अर्थात शेतकरी, हा शब्द झाला, आणि त्यावरून आजचे योर्गोस हे नाव आले. या दुसऱ्या नावाकडे मला पुढे परत यावे लागेल.

देमेतेरची पूजा थांबून सोळा शतके झाली, तरी तिचे नाव ग्रीसमध्ये रोज सकाळी डोळ्यांसमोर येते. मी ग्रीक अक्षरे लावायला शिकलो ती मेसमधल्या टेबलावरच्या न्याहारीच्या पाकिटावरून. त्यावर मोठ्या अक्षरांत ‘दिमित्रियाका’ असे छापलेले असे. हा धान्यांसाठीचा आजचा ग्रीक शब्द आहे, शब्दशः ‘देमेतेरची’. शेजारी बसलेल्या थर्ड इंजिनिअरने त्या शब्दावर बोट ठेवले आणि मग तेच बोट स्वतःच्या छातीला लावले. त्याचे नाव दिमित्रिस होते. कोणत्याही शब्दकोशाने मला या नावाचा अर्थ याहून स्पष्ट सांगितलेला नाही.

हे नाव जगभर गाजवले ते अलेक्झांडरनंतरच्या पिढीतल्या एका सेनापतीने. अँटिगोनसचा मुलगा देमेत्रिओस याने इ.स.पू. ३०५ मध्ये रोड्स बेटाला वेढा घातला, प्रचंड चाकांचे मनोरे उभारले आणि वर्षभर झुंजूनही बेट हाती न लागल्याने तो परतला. तरी ‘पोलिओर्केतेस’, म्हणजे शहरांना वेढा घालणारा, ही उपाधी त्याला कायमची चिकटली. त्याने मागे टाकलेली युद्धसामग्री विकून रोड्सवासीयांनी सूर्यदेवाचा तो प्रसिद्ध महाकाय पुतळा उभारला. नावाच्या दृष्टीने मात्र मला अथेन्समधल्या दोन गोष्टी अधिक मोलाच्या वाटतात. अथेन्सजवळच्या एलेफ्सिसला, म्हणजे प्राचीन एलेउसिसला, देमेतेरची गुप्त दीक्षा दिली जाई. धाकटी दीक्षा वसंतात आणि थोरली शरदात, आणि अखेरच्या पायरीसाठी आणखी किमान एक वर्ष थांबणे, असा तिचा नेम होता. देमेत्रिओसाने सगळ्या पायऱ्या एकदमच चढायच्या ठरवल्या. प्राचीन ग्रीक चरित्रकार प्लुटार्क सांगतो की अथेन्सच्या सभेने चालू महिन्याला आधी वसंतातल्या आणि लगेच शरदातल्या महिन्याचे नाव देऊन त्याची सोय केली, आणि त्याला विरोध करण्याचे धैर्य पिथोदोरोस नावाच्या एकट्या मशालधारी पुरोहिताने दाखवले. पुढे इ.स.पू. २९१ च्या सुमारास तो पुन्हा अथेन्सला आला, तेव्हा लोकांनी त्याच्या स्वागताला जे स्तोत्र गायले ते आजही उपलब्ध आहे. देमेतेर आणि देमेत्रिओस यांना एकाच वेळी इथे आणणारी ही शुभ घडी आहे, असे त्यात म्हटले आहे. देवीचे नाव माणसाच्या नावात ऐकू येत होते, आणि ऐकणाऱ्यांना ते कळतही होते, याचा याहून थेट पुरावा मला ठाऊक नाही.

हेच नाव आपल्या बाजूलाही आले. बॅक्ट्रियाचा, म्हणजे आजच्या उत्तर अफगाणिस्तानाकडच्या प्रदेशाचा, ग्रीक राजा पहिला देमेत्रिओस याने इ.स.पू. २०० च्या सुमारास हिंदुकुशाच्या दक्षिणेकडे स्वारी केली. त्याच्या चांदीच्या नाण्यांवर राजाच्या डोक्यावर हत्तीच्या मस्तकाचे शिरस्त्राण आहे. सोंड कपाळावर वर वळलेली आणि सुळे पुढे आलेले स्पष्ट दिसतात. मागच्या बाजूला ‘बासिलेओस देमेत्रिऊ’, म्हणजे ‘राजा देमेत्रिओसचे’, अशी षष्ठी विभक्तीतली अक्षरे आहेत. नाशिकच्या पांडवलेण्यांतील सतरा क्रमांकाच्या लेण्याच्या लेखात दान देणारा इंद्राग्निदत्त स्वतःला उत्तरेकडचा, दात्तामित्रीचा योनक, म्हणजे ग्रीक, म्हणवतो, आणि दात्तामित्री म्हणजे या राजाच्या नावाने वसलेले देमेत्रियास शहर, असे अनेक अभ्यासक मानतात. तसे असेल तर रशियन भाषेत हे नाव पोचण्याच्या कितीतरी शतके आधी ते सह्याद्रीच्या दगडात, प्राकृत वळणाने का होईना, कोरले गेले होते.

एका देवीचे नाव धर्म बदलल्यावर टिकले कसे, हा यातला खरा महत्त्वाचा प्रश्न आहे. ‘नव्या करारा’त या नावाचे दोघे भेटतात. एक इफिससचा सोनार, जो आर्तेमिसच्या देवळाच्या चांदीच्या प्रतिकृती बनवी आणि पौलाच्या उपदेशाने आपला धंदा बुडेल या भीतीने ज्याने शहरात दंगल पेटवली. दुसरा योहानाच्या तिसऱ्या पत्रात सर्वांनी ज्याची चांगली साक्ष दिली असा. पहिल्या ख्रिस्ती पिढ्यांनी मुलांची जुनी नावे बदलण्याची घाई केली नव्हती, एवढे यावरून दिसते. नावाला नवे घर मात्र उत्तर ग्रीसमधल्या थेसालोनिकी शहराने दिले. इ.स. ३०६ च्या सुमारास तिथे देमेत्रिओस नावाच्या तरुणाला ख्रिस्ती श्रद्धेसाठी भाल्यांनी मारले, अशी परंपरा आहे. पाचव्या शतकात जुन्या रोमन स्नानगृहाच्या जागी त्याचे चर्च उभे राहिले आणि तो त्या शहराचा रक्षक झाला.

देमेतेरचाच पुढे संत देमेत्रिओस झाला, असे विधान अनेकदा केले जाते. ते मला पटत नाही. या संताच्या जुन्या कथांत तो शहराच्या तटावर उभा राहून हल्लेखोरांना परतवणारा आहे, पिकांचा देव नाही. तरीही सातव्या शतकात लिहिलेल्या त्याच्या चमत्कारांतली एक कथा मी जहाजावर असताना अनेकदा आठवत असे. थेसालोनिकीत उपासमार सुरू होती, आणि कॉन्स्टँटिनोपलकडे धान्य घेऊन निघालेल्या एका जहाजाच्या मालकाला खिओस बेटाजवळ संताने दर्शन देऊन सुकाणू थेसालोनिकीकडे वळवायला लावले. यावरून दोन पूजा एक ठरत नाहीत. पण ज्याच्या नावातच धान्याची देवी आहे त्याने भुकेल्या गावात धान्याचे जहाज आणले, ही कथा वाचल्यावर त्या काळच्या ग्रीकांना यात काहीच जाणवले नसेल, असे मला म्हणवत नाही.

पुढचा इतिहास शहराच्या आणि संताच्या जोडीने चालतो. ११८५ मध्ये नॉर्मनांनी थेसालोनिकी लुटली, तेव्हा संत देमेत्रिओस तिथून निघून आपल्याकडे आला आहे, असे सांगून असेन आणि पेटर या भावांनी तर्नोव्हो येथे बल्गेरियन उठाव उभा केला. ओटोमन काळात, पंधराव्या शतकाच्या शेवटी, चर्चची मशीद झाली. १९१२ मध्ये ग्रीक सैन्यापुढे शहराने शरणागती पत्करली, तो तेव्हाच्या ग्रीक पंचांगाप्रमाणे २६ ऑक्टोबर, म्हणजे नेमका संताचा दिवस होता. म्हणून तिथे आजही दोन्ही सोहळे एकाच दिवशी होतात. १९१७ च्या मोठ्या आगीत चर्च जळाले. पुनर्बांधणीनंतर ते १९४९ मध्ये पुन्हा उघडले आणि आगीतून वाचलेली काही जुनी मोझाइक आजही तिथे भिंतीवर आहेत.

आता योर्गोसकडे वळतो. ग्रामीण ग्रीसमध्ये वर्षाचे दोन भाग या दोन संतांनी केले होते. २३ एप्रिलच्या संत योर्गोसच्या दिवशी मेंढपाळ कळप घेऊन डोंगर चढत आणि २६ ऑक्टोबरला, संत दिमित्रिओसच्या दिवशी, खाली उतरत. गड्यांचे व मेंढपाळांचे करारही याच दोन तारखांना धरून होत. याच सुमारास नव्या दारूचे पिंप उघडले जाई. ऑक्टोबरअखेरीच्या उबदार दिवसांना ग्रीक लोक ‘संत दिमित्रिओसचा छोटा उन्हाळा’ म्हणतात, आणि तेव्हा फुलणाऱ्या शेवंतीलाही त्याचेच नाव आहे. पेरणीच्या तोंडावर येणारा हा दिवस आहे. अर्थ विसरला गेला असला तरी हंगाम सुटलेला नाही.

त्या देशात वाढदिवसापेक्षा नामदिनाचे महत्त्व अधिक, आणि पहिल्या मुलाला आजोबांचे, बहुधा वडिलांच्या वडिलांचे, नाव ठेवण्याची रीत जुनी, त्यामुळे एकाच घरात आजोबा आणि नातू दोघेही दिमित्रिस असतात. आमच्या जहाजावर २६ ऑक्टोबरला या नावाचे तिघे होते. ज्याचा दिवस असतो त्यानेच इतरांना तोंड गोड करायला द्यायचे, म्हणून तिघांनी मिळून पाळी संपल्यावर सगळ्यांना मिठाई वाटली, आणि आम्ही प्रत्येकाला ‘ख्रोनिया पोल्ला’, अर्थात पुष्कळ वर्षे जग, असे म्हटले. तेव्हा माझ्या ध्यानात आले की हाक मारताना शेवटचा ‘स’ गळतो. प्रथमेत दिमित्रिस, संबोधनात ‘दिमित्री!’ मराठीत राम हाक मारताना ‘रामा’ होतो, तसेच हे विभक्तीने बदलणारे नाव आहे. घरगुती रूपे मित्सोस, मिमिस, दिमित्राकिस. मुलीचे नाव दिमित्रा. आणि दिमित्रिऊ, दिमित्रियादिस, दिमित्रोपुलोस, पापादिमित्रिऊ ही आडनावे याच मुळाची. ‘दिमित्रिऊ’ ही षष्ठी पाहिली की मला त्या हत्तीच्या शिरस्त्राणाच्या नाण्यावरची अक्षरे आठवतात.

रशियाकडे हे नाव ख्रिस्ती धर्माबरोबर, १० व्या शतकानंतर, बायझंटाइन, म्हणजे कॉन्स्टँटिनोपलच्या ग्रीक साम्राज्याच्या, मार्गाने गेले आणि तिथे ते ‘द्मित्री’ झाले. १३८० मध्ये कुलिकोव्होच्या लढाईत जिंकलेला द्मित्री दोन्स्कोय, आवर्तसारणी मांडणारा मेंडेलेयेव्ह, संगीतकार शोस्ताकोविच यांनी ते जगात इतके परिचित केले की मूळ मालक मागे पडला. रशियनांनी नाव आपलेसे केले याबद्दल तक्रार असण्याचे कारण नाही. पण ‘ग्रीक मूळ, रशियन रूप’ एवढे चार शब्द नोंदीत हवेच होते.

शेवटची विनंती लेखनाबद्दल आहे. आपल्या बातम्यांत ग्रीक माणसांची नावे ‘डेमेट्रियस’, ‘डिमिट्रिस’ अशी इंग्रजीच्या वाटेने येतात. ग्रीकमध्ये ट आणि ड हे मूर्धन्य उच्चार नाहीत. या नावाचे पहिले अक्षर आज दातांवर जीभ टेकवून, श्वास घासत, द च्या जवळ उच्चारतात, आणि देवनागरीत त्यासाठी द आहे. प्राचीन व्यक्तींसाठी ‘देमेत्रिओस’, आजच्या ग्रीकांसाठी ‘दिमित्रिस’ आणि रशियनांसाठी ‘द्मित्री’ असे तीन वेगळे लेखन ठेवले, तर वाचकाला माणूस कुठला आणि कोणत्या काळचा हे नावावरूनच कळेल. पुरवणीच्या पुढच्या अंकात ती नोंद ‘ग्रीक नाव, अर्थ – देमेतेर या धान्यदेवतेचा’ अशी दुरुस्त करून छापावी, ही विनंती.

कळावे.

आपला,
एक निवृत्त मरीन इंजिनिअर