पप्पा २७ जूनची वाट बघतायत

मा. संपादक, स.न.वि.वि.

मागच्या आठवड्यात तुमच्या पुरवणीत नेटफ्लिक्सवरच्या ‘स्क्विड गेम’ या कोरियन मालिकेच्या तिसऱ्या सीझनबद्दल छोटंसं आलं होतं, की टीझर आलाय, २७ जून २०२५ ला सीझन येतोय, मग गुलाबी कपड्यातले गार्ड, ती मोठी बाहुली, रक्तपात वगैरे. (ज्यांनी बघितली नाही त्यांच्यासाठी सांगते, कर्जात बुडालेले ४५६ लोक मोठ्या बक्षिसासाठी लहानपणीचे खेळ खेळतात आणि हरला की मरण.) वाचून आनंदच झाला कारण डिसेंबरमध्ये दुसरा सीझन आला तेव्हापासून आमच्या घरात जेवायला बसलं की हाच विषय असतो, पण वाचून संपलं तरी काहीतरी राहिलं असं वाटत होतं म्हणून लिहायला बसले. पेपरला पहिल्यांदाच पत्र लिहितेय, लांबलं तर कापा, फक्त पप्पांचा भाग कापू नका ही विनंती.

आम्ही हडपसरला राहतो. मी मगरपट्ट्यात एका ऑफिसात अकाउंट्सला आहे. २०२१ च्या सप्टेंबरमध्ये पहिला सीझन आला तेव्हा वर्क फ्रॉम होम चालू होतं, रात्री काम संपलं की मी मोबाईलवर एकटीच बघायचे, घरच्यांसमोर लावायची सोय नव्हती इतकी मारामारी. तर चौथा भाग चालू होता, रस्सीखेचवाला, आणि पप्पा पाणी प्यायला उठले ते माझ्या मागे उभे राहून बघायला लागले. ते म्हातारे आजोबा टीमला सांगतात ना, की ताकद कमी असली तरी चालेल, पाय कसे रोवायचे, पहिले काही सेकंद नुसतं मागे झुकून कसं धरून ठेवायचं, ते ऐकून पप्पा म्हणाले अगं बरोबर सांगतोय तो, आम्ही कंपनीत असंच जिंकायचो. त्यांच्या कंपनीच्या स्पोर्ट्स डेला फिटर विरुद्ध मशीन शॉप अशी रस्सीखेच व्हायची आणि पप्पा कायम दोर कमरेला गुंडाळून सगळ्यात मागे. मग बसलेच ते बाजूला. हिंदी डबिंग लावलं आणि दोघांनी पाचवा भागपण बघितला.

पाचव्या भागात रात्री आळीपाळीने पहारा द्यायचा असतो आणि मालिकेचा नायक गी-हूनला त्याचे जुने दिवस आठवतात. तो गाड्यांच्या कारखान्यात होता, दहाएक वर्षांपूर्वी कामगारांना काढलं, संप झाला, त्यात त्याचा एक सहकारी त्याच्या डोळ्यासमोर गेला, आणि बायको बाळंत होत होती तिथे हा पोचू शकला नाही. एवढाच सीन आहे, पाच मिनिटांचासुद्धा नसेल. पप्पा काहीच बोलले नाहीत, उठून झोपायला गेले. दुसऱ्या दिवशी मात्र सकाळी सकाळी विचारलं, तो कारखाना खरा आहे का गं?

म्हणून मी शोधलं आणि तो जवळजवळ खराच निघाला. मालिकेत नाव बदललंय, पण दिग्दर्शक ह्वांग डोंग-ह्योक यांनी स्वतः सांगितलंय की गी-हूनची ही बाजू सांगयाँग मोटर्सच्या संपावरून घेतली आहे. २००९ साली प्योंगटेक गावच्या कारखान्यात २,६४६ लोक कमी करायचं ठरलं, कामगारांनी आतून प्लँटचा ताबा घेतला, ७७ दिवस ते आत होते, शेवटी पोलिसांनी कारवाई करून बाहेर काढलं. नंतरच्या वर्षांत कितीतरी कामगार आणि त्यांच्या घरचे लोक गेले, काहींनी आत्महत्या केल्या, आणि ज्यांना परत कामावर घेतलं त्यातल्या शेवटच्यांना जवळजवळ दहा-अकरा वर्षं थांबावं लागलं. आणि पुढचं वाचून तर मी खुर्चीतून उठून पप्पांकडे गेले, की हीच सांगयाँग २०११ मध्ये महिंद्राने घेतली आणि तिची रेक्स्टन गाडी चाकणला असेंबल व्हायची! म्हणजे गी-हून ज्यांच्यावरून लिहिलाय त्यांच्या कंपनीची गाडी आपल्या चाकणच्या पोरांनी जोडलीय. पप्पा म्हणाले, मग लांबचा नाहीच तो.

आता आमचं सांगते. पप्पा एका कंपनीत १९ वर्षं फिटर होते. नाव लिहीत नाही, कंपनी आता तशीही नाहीये. आधी बदली कामगार कमी केले, मग ओव्हरटाइम बंद, मग ले-ऑफ, मग गेट मीटिंगा, आणि २०१२ मध्ये एक दिवस गेटवर नोटीस. हिशोब मिळायला दीड वर्ष गेलं आणि मिळाला तोही ठरल्यापेक्षा कमी. दादाचं इंजिनीअरिंगचं दुसरं वर्ष होतं, फी थांबत नाही ना कोणासाठी, म्हणून पतसंस्थेतून तीन लाख काढले, दोन जामीनदार लागले त्यातले एक पप्पांचे अगदी जवळचे मित्र, आम्ही त्यांना काकाच म्हणायचो, दिवाळीला पहिला फराळ त्यांच्याकडे जायचा. ते तोवर दुसऱ्या कंपनीत लागले होते. आमचे हप्ते थकले तेव्हा पतसंस्थेने त्यांचा पगार कापायला सुरुवात केली. काका भांडले नाहीत, ओरडले नाहीत, फक्त यायचे बंद झाले. कर्ज २०२० मध्ये फिटलं, काकांचे पैसेपण आईने स्वतः नेऊन दिले, त्यांच्या बायकोने दारातच घेतले.

ह्या मधल्या आठ वर्षांत पप्पांच्या तोंडी एकच वाक्य असायचं, ही भिशी लागली की सुटलो. भिशी लागायची, ती उचलून दुसऱ्याचे हातउसने द्यायचे, की परत नवीन भिशी आणि परत तेच वाक्य.

म्हणून मला दुसऱ्या सीझनमधलं मतदान इतकं लागलं. खेळ सगळेच लक्षात ठेवतात पण माझ्या मते त्या सीझनचा जीव मतदानात आहे. प्रत्येक खेळानंतर मत द्यायचं, निळा गोल म्हणजे पुढे खेळायचं, लाल फुली म्हणजे थांबायचं, आणि थांबलात तर तोवर जमलेले पैसे उरलेल्यांत वाटून घरी जायचं. पहिल्या खेळात ४५६ पैकी ९१ मेले. एका जिवाचे दहा कोटी वॉन, म्हणजे ९१० कोटी त्या वर टांगलेल्या पारदर्शक गल्ल्यात पडले, ३६५ जणांत वाटले तर माणशी दोन कोटी एकोणपन्नास लाख वॉन, आपले साधारण पंधरा लाख रुपये. मी अकाउंट्सवाली असल्याने तिथेच कॅल्क्युलेटर काढला होता. पंधरा लाख! आम्हाला तेव्हा तीन लाखांनी झोप नव्हती. पण त्या लोकांचं देणंच इतकं होतं की पंधरा लाखात काही होत नव्हतं, म्हणून ते ओरडतायत एकच खेळ अजून, एकच खेळ, आणि गी-हून जीव तोडून सांगतोय की मी हे खेळलोय, सगळे मराल. तरी १८३ विरुद्ध १८२. एका मताने! आई म्हणाली ह्यांना अक्कल नाही का, तर पप्पा म्हणाले अक्कल असते गं, देणेकरी दारात असला की ती चालत नाही.

आईला सगळ्यात आवडली ती १४९ नंबरची म्हातारी. मुलाने कर्ज करून ठेवलंय, ते फेडायला आई गुपचूप खेळात आलीय आणि तिथे बघते तर मुलगा पण आलेला, दोघांनी एकमेकांना सांगितलेलंच नाही. आईने पदराने डोळे पुसले. आमच्याकडे पण तेच झालं होतं, आईने पाटल्या मोडल्या ते पप्पांना माहीत नव्हतं आणि पप्पांनी सायकलपासून टीव्हीपर्यंत काय काय विकायचं ठरवलं होतं ते आईला. आणि त्यात तो पाच खेळांचा भाग, सागरगोटे आणि भोवरा आल्यावर तर आई सोफ्यावरून खालीच बसली. कोरियात पाच खडे घेऊन खेळतात, शेवटी सगळे उडवून हाताच्या पाठीवर झेलायचे, आई म्हणाली हे आम्ही साताऱ्याला अंगणात असंच खेळायचो. भोवऱ्याला जाळी गुंडाळताना त्या माणसाचे हात थरथरतात तेव्हा पप्पांची बोटं इकडे हवेत जाळी गुंडाळत होती. ज्या खेळावरून मालिकेचं नाव पडलंय त्यातसुद्धा आधी लंगडीच घालायची असते, ती चिंचोळी जागा पार केली की मग दोन पायांवर पळायची परवानगी. आणि पहिल्या खेळात ती बाहुली गाणं म्हणते ना, ते थांबलं की जो हलला तो मेला, त्याचा अर्थ आहे मुगुंगह्वाचं फूल फुललं, ते तिथलं राष्ट्रीय फूल आणि जास्वंदीच्याच कुळातलं. डबिंगमध्ये हे सगळं ‘रेड लाइट ग्रीन लाइट’ होऊन जातं. कोणीतरी मराठी सबटायटल्स करून ‘जास्वंद फुलली’ असं लिहिलं तर आईला एकदम कळेल की हा पोरांचा खेळ होता आणि ह्यांनी त्याचं काय करून ठेवलंय. आमच्या टीव्हीवर भाषांच्या यादीत मी मराठी कितीदा शोधली, सापडली नाही. ही मागणी तुमच्या पेपरने लावून धरली तर फार बरं होईल.

एक कबूल करते, ही मालिका लहान मुलांसाठी नाहीच. सुट्टी लागल्यापासून आमच्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये पोरं ती बाहुली-बाहुली खेळतात आणि हरला की गोळी घालतात, मला ते बघवत नाही. आईबापांनी लक्ष दिलंच पाहिजे. पण म्हणून मोठ्यांनीही बघू नये, नुसती विकृती आहे असं कोणी म्हटलं की मला वाईट वाटतं. ह्वांग यांनी हे लिहायला घेतलं २००८-०९ च्या सुमाराला, तेव्हा ते स्वतः कंगाल होते, लिहिता लिहिता पैशांसाठी लॅपटॉप विकावा लागला, आणि मग दहा वर्षं कोणी हात लावायला तयार नव्हतं कारण गोष्ट खरी वाटत नाही म्हणे. ज्याला कर्ज माहितीय त्याला ती खरीच वाटते.

आता पुढचं, ज्यांनी दुसरा सीझन बघितला नाही त्यांनी हा परिच्छेद सोडून द्या. गी-हूनचं बंड फसतं, गोळ्या संपतात, आणि शेवटी तो फ्रंट मॅन, म्हणजे खेळ चालवणारा मुखवटेवाला, त्याच्या डोळ्यासमोर त्याचा मित्र जंग-बेला गोळी घालतो. जंग-बे म्हणजे त्याच कारखान्यातला, संपात सोबत असलेला मित्र. तिथेच सात भाग संपले. दुपारी पहिला भाग लावला होता, हे संपेपर्यंत रात्रीचे अकरा वाजून गेले, आणि कोणी लाइट लावायला उठेना. पप्पा गॅलरीत जाऊन उभे राहिले. मी गेले तर म्हणाले, हा आता त्याच्या घरी काय सांगणार? मला वाटलं मालिकेचं बोलतायत, बोलत होतेच, पण थोड्या वेळाने म्हणाले, आपल्या काकांचा नंबर आहे का तुझ्याकडे, माझ्या जुन्या फोनमध्ये होता. मी शोधून दिला. अजून लावलेला नाही. मी विचारत नाही.

तर जानेवारीच्या शेवटी तारीख जाहीर झाली त्या दिवसापासून पप्पांनी कॅलेंडरवर २७ जूनला गोल केलाय, शुक्रवार आहे, पालख्या हडपसरवरून पुढे गेल्या की काही दिवसांतच. ते एका सोसायटीत सिक्युरिटीला आहेत, त्यांनी त्या दिवसाची दिवसपाळी बदलून मागितलीय आणि मी हाफ डे टाकणारे. टीझर आम्ही निदान पंधरा वेळा बघितला. शवपेटीतून गी-हूनला परत आणतात, लाल-निळे गोळे काढायला लावतात, आणि शेवटी बाळाच्या रडण्याचा आवाज येतो. आई म्हणते ती पोटुशी पोरगी २२२ नंबरची, तिचंच बाळ असणार, तिला वाचवा रे बाबांनो. दादा पुन्हा पुन्हा म्हणतो की फ्रंट मॅन शेवटी बदलेल. मला वाटतं गी-हून वाचणार नाही आणि हे मी घरात मोठ्याने बोललेली नाहीये. हा शेवटचा सीझन आहे, दुसरा आणि तिसरा एकत्रच शूट झालाय, म्हणजे काय व्हायचं ते ठरलेलं आहे, आपल्याला फक्त कळायचं राहिलंय, आणि त्यामुळेच ही वाट जास्त अवघड जातेय.

माझं म्हणणं एवढंच आहे की तिसरा सीझन आला की तुम्ही त्यावर लिहालच, तर ह्यावेळी मनोरंजनाच्या पानावर मास्क आणि पोशाखांच्या फोटोखाली चार ओळी नका देऊ. कामगारांबद्दल, पतसंस्थांबद्दल, मोबाईलवरून कर्ज देणाऱ्या ॲपबद्दल ज्या पानावर लिहिता त्या पानावर लिहा. भोसरी, पिंपरी, हडपसर, चाकण इथे बंद पडलेल्या कंपन्यांचे कितीतरी लोक आता वॉचमन आहेत, रिक्षा चालवतात, त्यांच्यापैकी कोणाला तरी सोबत बसवून ही मालिका दाखवा आणि ते काय म्हणतात ते छापा. पप्पा तयार आहेत, मी विचारलंय.

आणि शेवट काय होतो ते कृपया २८ जूनच्या मथळ्यात छापू नका. शनिवारी पप्पा चहाबरोबर पेपर आधी वाचतात, आणि सगळे भाग एका दिवसात बघून होतील असं वाटत नाही.

आपली नियमित वाचक,
हडपसर, पुणे